जप्तीआबांचा फंड

महिपती केदारी यांचा आवाज काढायचा असेल तर आधी हनुवटी गळ्यात रुतवायची, पोट पुढे करायचे आणि घशाच्या तळातून म्हणायचे, "केदारी आलेत. भांडं काढा." दोन बोटे कोटाच्या गुंडीत अडकवली की नक्कल पुरी झाली. आमच्या आळीतले शेंबडे पोरही हे करून दाखवते आणि त्याला गूळ मिळतो.

हे गृहस्थ घाटमाथा बोर्डात वसुलीचे शिपाई होते. लोणावळ्याच्या बाजारातून भुशीच्या रस्त्याला लागले की डाव्या हाताला मुंबई-पुण्याच्या बड्या लोकांचे बंगले आणि उजव्या हाताला आमची आळी. एवढ्या मुलखावर या बोर्डाचे राज्य. बंगल्यांना नळ, कंदील आणि रस्ता, आळीला घरपट्टी. पट्टी थकली की बोर्ड वॉरंट काढी आणि ते घेऊन महिपती दारात उभे राहत. म्हणून सगळे त्यांना जप्तीआबा म्हणत. तोंडावर नुसते आबा.

जप्तीची त्यांची एक रीत होती. हंडा असो की घंगाळ, ते वाकून हातातल्या लोखंडी कड्याने त्यावर एक टोला देत. आळीच्या दोन्ही टोकांना ऐकू जाईल असा आवाज निघे. तो काढलेलाच तेवढ्यासाठी असे. मग मान हलवून म्हणत, "तांबं बरं हाय." उचलायची वेळ आली की हात पाठीमागे बांधत. "आमी बोर्डाचं मानूस, हमाल न्हाई. घ्या डोस्क्यावर. चला." जिचे भांडे तिनेच ते डोक्यावर घेऊन भर बाजारातून बोर्डाच्या कचेरीपर्यंत न्यायचे, आणि आबांनी छत्री काखेत मारून तिच्यामागून वरातीतल्या व्याह्यासारखे चालायचे.

आळीचीही रीत होती. आबांची छत्री ओढ्यापलीकडे दिसली की भांडी घरे बदलत. माझा हंडा तुझ्या माजघरात, तुझी परात तिच्या गोठ्यात. ज्याची पट्टी भरलेली असेल त्याच्या घरी त्या दिवशी लग्नाइतके तांबे जमे. यात नियम दोनच. ज्याच्याकडे वस्तू ठेवली त्याने ती खुशाल वापरावी, आणि ठेवणाऱ्याने "नीट आहे ना?" असे चुकूनही विचारू नये. विचारले तर तो अविश्वास, आणि मग पुढल्या वेळी त्याचे भांडे कोणी घ्यायचे नाही. या रीतीत आजवर साधी वाटीही हरवलेली नाही.

आबा हे सगळे ओळखून होते. वैरणीच्या गंजीत हात घालून त्यांनी तपेली काढली आहे आणि बाळंतिणीच्या बाजेखालून घंगाळ ओढले आहे. आळीच्या तोंडाशी राहणाऱ्या सरुबाईचा हंडा तर त्यांनी तीनदा नेला. सरुबाई एकटी बाई, लोकांचे भात कांडून पोट भरणारी. दोनदा तिने पैसे भरून हंडा सोडवला, तिसऱ्यांदा जमले नाही. लिलावात तो कोणी घेतला हे मोठ्याने बोलायचे नसते. बोर्डाचे सेक्रेटरी त्र्यंबकराव यांच्या न्हाणीघरात तो आहे, आणि त्यात पाणी लवकर तापते असे त्यांच्या घरची मंडळी कौतुकाने सांगतात.

आता ही जगाची लढाई लागली त्याच्या आधल्या साली आबा रिटायर झाले. बोर्डाच्या दिवाणखान्यात समारंभ झाला. भाषण प्रेसिडेंटसाहेबांनी केले. प्रेसिडेंटसाहेब म्हणजे पुण्याहून पेन्शन घेऊन हवा खायला येऊन राहिलेले अंमलदार. त्यांचे मराठी इंग्रजीच्या काठीला टेकून चालते. "केदारी हा आपल्या बोर्डाचा, व्हॉट यू कॉल, खांब आहे. पिलर. त्याने कधी, नेव्हर, कुणाची गय केली नाही." आबांच्या हातात नारळ आला, खांद्यावर उपरणे आले, आणि ते उद्याच्या दिवसाची वाट पाहत घरी गेले. कारण उद्या फंड मिळायचा होता.

हा फंड म्हणजे परवडंट फंड. दरमहा पगारातल्या रुपयामागे एक आणा बोर्ड कापून ठेवी, आपल्या पदरचा एक आणा त्यात घाली, आणि नोकरी संपली की सगळे व्याजासकट परत द्यायचे असा कायदा. आबा आणि त्यांची बायको धोंडाबाई राहत होते बोर्डाच्या खोलीत. नोकरीबरोबर खोलीही जायची. धोंडाबाईंच्या भावाने भुशीच्या रस्त्याकडेचा आपल्या पडीतला एक तुकडा त्यांना दिला होता. तिथे दोन खोल्या बांधायच्या आणि वर मंगलोरी कौले घालायची हे फंडाचा पहिला आणा कापला गेला त्याच दिवशी धोंडाबाईंनी ठरवले होते. मध्ये सगळा जन्म गेला, पण कौले बदलली नाहीत.

दुसऱ्या दिवशी आबा कचेरीत गेले. त्र्यंबकरावांच्या आवाजासाठी एक नाकपुडी दाबून धरावी, तपकीर अडकल्याचा सूर लागतो. ते तळेगावचे. बोलण्याआधी प्रत्येक वाक्य मनात एकदा लिहून, तपासून मगच बाहेर सोडतात.

"फंड आहे, केदारी. नाही कोण म्हणतो? फंड अस्तित्वात आहे."

"मग द्यावा जी."

"देण्याचा प्रश्न निराळा. फंड आहे, रक्कम नाही."

"म्हंजी वो?"

"असं बघ. तिजोरी आहे, तिजोरीला कुलूप आहे, कुलपाची किल्ली माझ्या कनवटीला आहे."

"आन् आत?"

"आत जागा आहे."

रक्कम कुठे गेली ते रस्त्यावर उभे होते. कोणी बडा साहेब मुंबईहून मोटारीने पुण्याला जायचा होता, तेव्हा त्याच्या स्वागताला बोर्डाने दगडी कमान बांधली आणि वर दोन हत्ती बसवले. साहेब आगगाडीने गेला. कमानीखालून पहिल्यांदा गेली ती सरुबाईची शेळी.

आठवडाभरात आबांना बोर्डाचा लखोटा आला. आबांना वाटले फंड. आत खोली खाली करण्याची नोटीस होती.

धोंडाबाईंची नक्कल मला अजून जमलेली नाही. त्या हळू बोलतात, आणि समोरचा गप्प होतो, हे एकट्याने कसे करून दाखवणार? नोटीस ऐकून झाल्यावर त्या म्हणाल्या, "जन्मभर लोकांची भांडी वाजवली. आता आपलं वाजतंया. ऐका."

आबा म्हणाले, "प्रेसिडेंटसायेब मला खांब म्हनले."

"खांबाला पगार नसतो, फंड बी नसतो. उद्या वडगावला जायचं. कोर्टात. आन् फंड हातात पडला म्हंजी खोलीची किल्ली त्यांच्या हातात. त्याच्या आदी न्हाई."

वडगावला केशवराव वकील आहेत. त्यांच्या गालात कायम पान असते. पान असेपर्यंत ते कायद्याचे बोलतात आणि पिंक टाकली की फीचे. आबांकडे रोख नव्हते. धोंडाबाईंच्या माहेरचा आंबेमोहोर होता. केशवरावांनी चार दाणे तळहातावर चोळून हुंगले, आणि दाव्यात दम आहे असे त्यांचे मत पडले. बोर्डासारख्या सरकारी थाटाच्या संस्थेवर दावा लावायचा तर आधी नोटीस देऊन दोन महिने थांबावे लागते. आबा थांबले. बोर्डाने त्या दोन महिन्यांत एकच काम केले, आबांच्या खोलीच्या दारावरचा कंदील काढून नेला.

दाव्यातला वृत्तांत आबांनी स्वतः मारुतीच्या पारावर बसून इतक्या वेळा सांगितला आहे की आळीला तो तोंडपाठ आहे. त्यात आबांनी कोर्टाला सुनावलेल्या ज्या चार गोष्टी येतात त्या धोंडाबाईंच्या सांगण्यावरून इथे गाळल्या आहेत. त्या तिथे हजर होत्या.

बोर्डाची कैफियत फार सुरेख होती. पहिले म्हणणे, महिपती केदारी नावाचा कायम नोकर बोर्डाकडे कधी नव्हताच. दुसरे, असलाच तर त्याचा फंड नव्हता. तिसरे, फंड असलाच तर खोली न सोडल्यामुळे तो बुडाला. केशवरावांनी पान दुसऱ्या गालात सरकवले. "म्हणजे रावसाहेब, नसलेल्या माणसानं नसलेला फंड गमावला, असं प्रतिवादीचं म्हणणं आहे. खोली मात्र खरी आहे."

मुन्सफसाहेबांनी त्र्यंबकरावांना पिंजऱ्यात बोलावले.

"केदारी तुमचे कायम नोकर नव्हते?"

"नव्हते."

"किती वर्षं नव्हते?"

त्र्यंबकरावांनी वाक्य मनात लिहिले, तपासले. "एकवीस वर्षं."

"मग दरमहा कुणाच्या पगारातून फंड कापलात?"

"पदाच्या."

"पगार घेऊन कोण जाई?"

"केदारी. पण पदाच्या वतीनं."

मुन्सफसाहेबांनी चष्मा काढला आणि बराच वेळ पुसला. वडगावच्या कोर्टात चष्मा पुसणे म्हणजे हसणे, असे केशवराव म्हणतात. मग साहेबांनी निकाल दिला. कापलेले आणे, बोर्डाचे आणे, व्याज आणि दाव्याचा खर्च, सगळे बोर्डाने द्यावे. बोर्डाने पुण्याला अपील करायचे ठरवले, तत्त्वाचा प्रश्न होता. पण अपील करायचे तर आधी पैसे भरावे लागतील असे कळल्यावर तत्त्व मागे घेतले.

पैसे मात्र आले नाहीत. पावसाळा आला, गेला. हुकूमनाम्याचा कागद आबा खणाच्या फडक्यात गुंडाळून खांबाला बांधून ठेवत. त्र्यंबकराव आता त्यांना रस्त्यात भेटले की "अहो केदारी" म्हणत. एवढी एकच वसुली तोपर्यंत झाली होती.

"कागूद लय ग्वाड हाय," धोंडाबाई एक दिवस म्हणाल्या. "पर घर शाकारता यील का त्यानं?"

तेव्हा केशवरावांनी हुकूमनामा बजावण्याची दरखास्त दिली. आणखी एक पोते आंबेमोहोर गेला आणि बोर्डाच्या सामानावर जप्तीचे वॉरंट निघाले. ज्या माणसाने जन्मभर वॉरंट हातात धरून दारे वाजवली, त्याच्या बाजूने निघालेले वॉरंट. आबा त्या रात्री कोटाच्या गुंड्या चिंचेने घासत होते असे म्हणतात.

बोर्डाला बातमी आधीच लागली. मग या शहाण्या मंडळींनी काय केले? आमच्या आळीतली कुठलीही बाई करते तेच केले. सामान लपवायला काढले. आधी बंगल्यांवर विचारले. बंगलेवाल्यांनी सांगितले, कोर्टकचेरीच्या भानगडीत आम्हाला नका ओढू. तेव्हा त्र्यंबकराव उपरणे सावरीत आमच्या आळीत आले. नळ आणण्यासाठी ते कधी आले नव्हते.

"एकदोन दिवसांचा प्रश्न आहे," ते म्हणाले. "थोडं सामान ठेवून घ्या. यंदाच्या थकलेल्या पट्टीचं मग पाहू."

"पाहू म्हंजी माफ का?" आळीतल्या विठाबाईने विचारले.

"पाहू म्हणजे पाहू."

बायका हसून हो म्हणाल्या. पट्टीचे कोणी मनावर घेतले नव्हते. आबा आता सामान शोधत दारोदार फिरणार आणि त्यांना "न्हाई बा" म्हणायला मिळणार, एवढ्यासाठी त्यांनी बोर्डाची तिजोरीही पदराखाली घेतली असती. भर दुपारी दोन गाड्या आल्या. सभेचे लांबलचक मेज विठाबाईकडे गेले, भिंतीवरचे घड्याळ तिच्या शेजारणीकडे, आणि प्रेसिडेंटसाहेबांची सिंहाच्या तोंडाची, लाल मखमलीची खुर्ची सरुबाईच्या ओट्यावर आली.

दुसऱ्या दिवशी आबा वडगावहून बेलीफ रखमाजीला घेऊन कचेरीत गेले. दिवाणखाना झाडलेला, रिकामा. मध्ये चटईवर मांडी घालून त्र्यंबकराव लिहीत बसले होते.

"बोर्डानं साधी राहणी स्वीकारली आहे," ते म्हणाले.

रखमाजी हा सगळ्या जगात सावकाश चालणारा माणूस. त्याची नक्कल करायची तर आधी जेवून घ्यावे. "कसं हाय केदारीबाबा," तो म्हणाला, "तुमी दावायचं, मी हात लावायचा. न दावलेल्याला मी हात लावत न्हाई. आन् घरातल्यानं म्हनलं पायजे, व्हय, हे बोर्डाचं हाय. त्यो म्हनला माजं, तर झालं. त्याची मालकी ठरवायची म्हंजी दुसरा दावा."

सामान कुठे असेल हे आबांना सांगावे लागले नाही. ते तडक आळीत आले. पहिले घर विठाबाईचे. अंगणात मेजावर वाकळ अंथरून कुरडया वाळत घातल्या होत्या.

"इठाबाई, हे मेज कुनाचं?"

"कंचं?"

"हेच. कुरडयांखालचं."

"ती व्हय? ती आमची बाज हाय, आबा."

"बाजंला खण असत्यात?"

"माझ्या म्हायेरची हाय. तिकडं असत्यात."

आबांनी रखमाजीकडे पाहिले. रखमाजीने एक कुरडई उचलून तोंडात टाकली. "बाई म्हनती बाज, तर बाज."

शेजारच्या घरात धान्याच्या कणगीतून टोले पडले.

"आत काय वाजलं?"

"घुशी झाल्यात लय," शेजारीण म्हणाली.

"तीन ठोके पडले."

"तीनच हायत."

आळीभर खुसखुस सुरू झाली. आबांची हनुवटी एरवी गळ्यात रुतलेली असते, ती हळूहळू वर येऊ लागली होती, आणि तशी ती आली की त्यांचा गळा कोंबड्यासारखा बारीक दिसतो हे आम्हाला त्या दिवशी कळले. शेवटचे घर सरुबाईचे. ती ओट्यावर प्रेसिडेंटसाहेबांच्या खुर्चीत पाय वर घेऊन तांदूळ निवडत बसली होती. सुपातले खडे एका सिंहाच्या जबड्यात टाकत होती.

"बसा की आबा," ती म्हणाली. "खाली."

"ही खुर्ची बोर्डाची न्हवं, सरुबाई?"

"बोर्डाकडं कुटली वो खुर्ची? लय गरीब हाय बोर्ड. तुमचा फंड बी देता यीना त्याला."

"खरं सांग. तुज्या एका शबदावर माजं घर हाय."

"माज्या हंड्यावर माजी आंघूळ व्हती," सरुबाई म्हणाली आणि पुन्हा सुपात पाहू लागली.

आबा घरी गेले. रखमाजी त्यांच्याकडेच मुक्कामाला राहिला आणि आंबेमोहोराबद्दल फार चांगले बोलला. वॉरंटाची मुदत दुसऱ्या दिवशी संध्याकाळी संपत होती. ती संपली की दरखास्त नव्याने, आणि धोंडाबाईंच्या भावाच्या घरात आता बियाण्यापुरताच तांदूळ उरला होता.

बोर्ड जिंकलेच होते. त्याला फक्त गप्प बसायचे होते. पण सकाळी नऊच्या ठोक्याला, म्हणजे कणगीतल्या घुशींनी नऊ टोले दिले तेव्हा, त्र्यंबकराव शाईचे पॅड आणि कागद घेऊन आळीत आले. कचेरीत जन्म काढलेल्या माणसाला पावतीशिवाय झोप येत नाही. रात्रभर तळमळले असावेत.

"इथं अंगठा," ते विठाबाईला म्हणाले.

"कशापायी?"

"मेज सुस्थितीत मिळाल्याची पावती. आणि हे काय, कुरडया? बोर्डाच्या मालमत्तेवर?" पुढे सरुबाईकडे पाहून ते म्हणाले, "खुर्चीत बसायचं नाही. ती फक्त ठेवायला दिली आहे. गादी नीट आहे ना? उठा, पाहू द्या."

जे आजवर कोणी कोणाला विचारले नव्हते ते या माणसाने सगळ्यांसमोर विचारले होते, वर शाई घेऊन.

सरुबाई उठली. तिने गादीवरचा कोंडा पदराने झटकला. "बगा," ती म्हणाली.

त्र्यंबकरावांनी गादी दाबून पाहिली. "ठीक आहे. आता अंगठा."

"साहेब, तुमच्या न्हाणीतल्या हंड्याची पावती हाय का वो तुमच्याकडं?"

त्र्यंबकरावांनी या खेपेला वाक्य मनात लिहायला घेतले, पण ते काही पुरे झाले नाही. पॅड मिटून ते कामाचे निमित्त सांगून निघाले. ते कमानीपलीकडे गेले तशी सरुबाईने हाक मारून आबांना बोलावून घेतले. आबा आले, रखमाजी आला, पाठोपाठ धोंडाबाईही आल्या.

"खुर्ची बोर्डाची हाय," सरुबाई रखमाजीला म्हणाली. "म्या सांगते. लिवून घ्या." मग आबांकडे वळून, "पर न्यायची तुमी. डोस्क्यावर. बाजारातनं."

आबांनी सवयीने हात पाठीमागे बांधले. रखमाजीकडे पाहिले.

"मी हात लावतो," रखमाजी म्हणाला. "उचलत न्हाई."

आबा तसेच उभे राहिले. "आमी बोर्डाचं..." असे काहीतरी त्यांच्या घशाच्या तळातून निघाले आणि तिथेच राहिले. धोंडाबाईंनी त्यांच्या खांद्यावरचे निरोपाचे उपरणे घेतले, त्याची चुंबळ वळली आणि त्यांच्या हातात दिली. "घ्या," त्या म्हणाल्या. नेहमीप्रमाणे हळू.

आबा खाली वाकले. खुर्ची डोक्यावर चढली तेव्हा तिचे पाय वर, सिंह दोन्ही कानांशी. सरुबाईने ओट्यावरची उलथणी उचलून खुर्चीच्या पाठीवर सणसणीत टोला दिला. "सागवान बरं हाय," ती म्हणाली, आबांच्याच घशातून. मी इतकी वर्षे ती नक्कल करतो, पण त्या दिवशी सरुबाईने केली तशी मला साधली नाही.

मेज आणि घड्याळही बोर्डाचेच असे विठाबाईने आणि तिच्या शेजारणीने रखमाजीला सांगितले, आणि मिरवणूक निघाली. पुढे आबा, मागे आबांची छत्री काखेत मारलेली सरुबाई, तिच्यामागे कुरडया झटकलेले मेज घेतलेले चौघे, आणि घड्याळ कडेवर घेतलेली विठाबाईची शेजारीण. घड्याळ चालतच होते. बाजारातले वाणी दुकानाच्या फळ्यांवर चढून पाहत होते. टांगेवाल्यांनी घोडे थांबवले. कोणी म्हणाले, "आबा, पट्टी थकली व्हय?" आबा घामाने निथळत होते, नजर समोर. स्टेशनाजवळच्या धर्मशाळेत रखमाजीने सामान उतरवून मोहोर लावली.

आबांनी मानेला हात लावला. "मान दुखती," ते म्हणाले, कोणालाच उद्देशून नाही.

"व्हय," सरुबाई म्हणाली. "दुखती."

लिलावाची दवंडी शुक्रवारच्या बाजारात पिटली गेली. "ऐका हो ऐका, घाटमाथा बोर्डाच्या प्रेसिडेंटसाहेबांची बसायची खुर्ची, बसायचं मेज..." मेजावर कोणी बसत नाही, पण दवंडीवाल्याला ते कोण सांगणार. तो मुद्दाम बंगल्यांच्या रस्त्याने दोनदा गेला. प्रेसिडेंटसाहेब व्हरांड्यात चहा घेत होते. "हाऊ शेमफुल," ते म्हणाले म्हणे, "म्हणजे, काय हा, व्हॉट यू कॉल, आचरटपणा. माझी खुर्ची? आणि ती घेणार कोण?" माळ्याने भाबडेपणाने सांगितले की बाजारातला न्हावी चौकशी करून गेला आहे, गिऱ्हाइकाला बरी पडेल म्हणाला.

त्याच संध्याकाळी बोर्डाची तातडीची सभा झाली. सगळे सभासद उभे होते. बसायला काही नव्हते. उभ्या सभेने जो ठराव सर्वानुमते केला तो बसून कधी झाला नसता. भुशीच्या रस्त्याच्या खडीसाठी त्या साली जी रक्कम धरली होती ती केदारी यांच्या फंडापोटी कोर्टात भरावी.

लिलावाच्या आदल्या दिवशी पैसे भरले गेले. खुर्ची परत गेली. एका सिंहाच्या जबड्यात सरुबाईचे खडे अजून असतील, कोणी काढले असतील असे वाटत नाही. आळीच्या थकलेल्या पट्टीचे त्र्यंबकरावांनी म्हटल्याप्रमाणे पाहिले. दिवाळीनंतर सगळ्यांना वॉरंटे आली, नवा शिपाई घेऊन आला. नवा शिपाई अजून लाजतो, पण शिकेल.

धोंडाबाईंनी पैसे मोजून घेतले त्याच दिवशी खोली सारवली आणि किल्ली त्र्यंबकरावांच्या चटईवर, म्हणजे आता मेजावर, ठेवून आल्या. मेहुण्याच्या तुकड्यावर भिंती चढल्या. मग कौले आली, मुंबईहून, लोणावळ्याच्या मालधक्क्यावर. आबा स्वतः गाडीत पुढे बसले. गाडीवान सोपानने विचारले, "आबा, तुमी उतरून चालता का? रस्ता लय वंगाळ झालाय." आबा म्हणाले, "माजा फंड हाय ह्यो. मी ह्याच्यावर बसूनच जानार."

त्या वर्षी त्या रस्त्यावर खडीचा एक दगड पडला नव्हता. टांगेवाले प्रत्येक गचक्याला गिऱ्हाइकाला सांगत, "धरून बसा, आबाचा फंड आला." सगळ्यात मोठा फंड ओढ्याच्या वळणावर होता. सोपानच्या गाडीचे डावे चाक त्यात आसापर्यंत गेले, गाडी कलंडली, आणि मंगलोरी कौले एकावर एक अशी घरंगळली की बंगल्यातली कुत्री भुंकायला लागली. आबा कौलांच्या वर पडले म्हणून वाचले.

धोंडाबाई मागून चालत येत होत्या. त्या खड्ड्याशी उभ्या राहिल्या, तुकड्यांकडे पाहिले, आबांचे कोपर पाहिले, आणि पदर खोचून शाबूत कौले वेगळी काढायला बसल्या. थोड्या वेळाने आळीतल्या बायकाही आल्या. सरुबाई आली. आबा बोलायला गेले तेव्हा धोंडाबाईंनी त्यांच्या हातात चार कौले दिली.

मोजून निम्मी निघाली. नवी घ्यायला पैसे नव्हते. म्हणून ते घर आज अर्धे कौलारू आहे आणि अर्धे गवताने शाकारलेले, आणि भुशीकडे जाणारे पाहुणे टांगा थांबवून विचारतात, हे असे का. गवत आळीने कापून दिले आणि सरुबाईने वर चढून बांधले, म्हणून ती बाजू गळत नाही. कौलांतली बरीच चिरलेली होती, ते उजेडात कळले नाही. पाऊस लागल्यावर कळले.

आबा कौलांच्या बाजूलाच निजतात. गवताखाली या म्हटले तर ऐकत नाहीत. "फंडाची कौलं हायत," म्हणतात. धोंडाबाई शाकारलेल्या बाजूला कोरड्या झोपतात आणि सकाळी उठून आधी त्यांना अंग पुसायला पंचा देतात.